सामगूचं स्टूल

लिनपोचा पहिला नवरा त्या आठवड्यात तिसऱ्यांदा मेला.

सोमवारी तो समुद्रात बुडाला होता. बुधवारी मकाऊच्या एका गल्लीत त्याला कुणीतरी भोसकलं. आणि आज शुक्रवारी लिनपो कॅमेऱ्यासमोर बाहीने डोळे टिपत सांगत होती की तो तापाने गेला, तिच्या मांडीवर डोकं ठेवून, आणि जाताना त्याच्या ओठांवर तिचंच नाव होतं.

"कुठला गेला!" शेजारच्या स्टुलावरून सामगू म्हणाली. "पक्षीबाजारात पोपट विकतो. परवाच भेटला. नवे दात बसवलेत मेल्याने."

"कट," विन्सी म्हणाली आणि तिने कपाळावर हात मारून घेतला.

"तुला कुणी विचारलं गं?" लिनपो सामगूवर खेकसली. "मी मारला ना त्याला? मग मेला तो."

"पोपटांना जाऊन सांग तसं."

हा सगळा संसार हाँगकाँगमध्ये, कॉजवे बे भागातल्या उड्डाणपुलाखाली चालायचा. वरून गाड्या, शेजारून ट्राम, समोर मासळीबाजार, आणि पुलाच्या जाडजूड गोल खांबांच्या मध्ये बुटक्या स्टुलांवर बसलेल्या म्हाताऱ्या. धंदा काय, तर दुष्टांना जोडे मारायचे. गिऱ्हाइकाने दुष्टाचं नाव सांगायचं, म्हातारीने कागदाचा माणूस विटेवर ठेवून त्याचा भुगा होईपर्यंत जुन्या वहाणेने झोडायचा, तोंडाने शिव्याशापांची यमकं चालू. मग कागदी वाघाच्या तोंडाला डुकराची चरबी चोळायची, म्हणजे तो चावत नाही. सगळं जाळायचं. आणि शेवटी लाकडाचे दोन अर्धचंद्र जमिनीवर टाकून देवाचा कौल घ्यायचा. एक उताणा, एक पालथा पडला की देव हो म्हणाला. दोन्ही पालथे पडले तर नाही. दोन्ही उताणे म्हणजे देव हसतोय. हो येईपर्यंत गिऱ्हाइकाने उठायचं नाही, आणि उठलं की मागे वळून बघायचं नाही. बघितलं तर दुष्ट पुन्हा पाठीस लागतो.

बायका सवतीला मारायला यायच्या, कारकून साहेबाला. एकदा एक शाळामास्तर अख्खा नववीचा वर्ग मारून गेला होता.

विन्सी सिनेमा शिकून आलेली. केस एका बाजूने भादरलेले, चांगल्या घरची पोर. तिला माहितीपट करायचा होता. पहिल्या दिवशी ती लिनपोपुढे उकिडवी बसून म्हणाली होती, "आजी, समाजाच्या कडेला जगलेल्या एका बाईची गोष्ट मला सांगायचीय."

"कडेला?" लिनपोने इकडेतिकडे पाहिलं. "डोक्यावर पूल, बाजूला ट्राम, समोर बाजार. अख्खं हाँगकाँग माझ्याभोवती फिरतंय गं बाई. कडेला तू राहतेस, तिकडे श्रीमंतांच्या डोंगरावर."

विन्सी खरंच डोंगरावर राहायची. ती लाजली, पण दुसऱ्या दिवशी कॅमेरावाल्या क्वोकला घेऊन पुन्हा हजर झाली.

आता लिनपोचं आयुष्य तसं सरळ नव्हतंच. ती कोळ्याच्या होडीत जन्मली. वयात आली तशी नाटकमंडळीतल्या ढोलवाल्याबरोबर पळाली, हाच तो पोपटवाला. त्याला सोडून वान चायच्या नाइटक्लबात गायली. मग काही वर्षं तिने एकाच खोलीत दोन नवरे बाळगले, एक दिवसपाळीचा, एक रातपाळीचा, आणि त्या दोघांना एकमेकांची खबर होती की नव्हती यावर पुलाखाली अजून वाद होतात. माजाँगच्या जुगाराचा अड्डा चालवला म्हणून तुरुंगातही जाऊन आली. आता एका जुन्या इमारतीच्या गच्चीवर पत्र्याच्या खोलीत राहत होती. जिच्या नावाने चांगल्या घरच्या बायका थुंकायच्या, तिच्याचपुढे त्याच बायका सवतीचा फोटो घेऊन येऊन बसायच्या. पण तिचं नाव आजवर फक्त पोलिसांनी लिहून घेतलं होतं. ते आता पडद्यावर येणार होतं, मोठ्या अक्षरांत. हाव सुटली तिला, दुसरं काय.

सामगूचं वेगळंच. ती तरुणपणी मठात जोगीण होती. मुंडण, शाकाहार, पहाटेची घंटा, सगळं यथासांग. एकदा बाजारात भाजलेल्या बदकाचा वास आला, ती त्या वासामागे गेली ती मठात परतलीच नाही. तोंड फाटकं, आणि खोटं ऐकलं की अंगावर पाल पडल्यासारखी उसळायची. मठात राहून एवढी एकच खोड लागली, असं ती स्वतःच सांगायची.

दोघींची स्टुलं वर्षानुवर्षं हातभर अंतरावर. दुपारी सामगू थर्मासातून सूप आणायची, कमळकाकडी आणि हाडं घालून रात्रभर उकळलेलं. झाकणात ओतून पहिला घोट लिनपोला. माया म्हणून नव्हे हां, सामगूची जीभ चटकन पोळायची म्हणून. "आधी तू पी, तुझ्या तोंडाला काही होत नाही," ती म्हणायची. काम करतानाही दोघींच्या वहाणा एकमेकींना धरून पडायच्या. एकीची विटेवर, तेव्हा दुसरीची हवेत.

पुलाखाली एक नियम होता. स्वतःच्या दुष्टाला स्वतः मारायचं नाही. आपल्या रागाने उचललेली वहाण आपल्यावरच उलटते. न्हावी कुठे स्वतःची हजामत करतो? म्हणून लिनपोचा पोपटवाला सामगू झोडायची आणि सामगूच्या मठातली मुख्य जोगीण लिनपो झोडायची. ती जोगीण केव्हाच वारली होती. पण सामगूचं म्हणणं, मेली म्हणून काय सुटली?

विन्सी रोज एक प्रश्न हमखास विचारायची. "आजी, तुमचा यावर विश्वास आहे का?"

"वहाणेवर आहे. चामडं चांगलं आहे."

कौलाबद्दल तर बोलायलाच नको. लिनपोच्या मनगटात खुबी होती. अर्धचंद्र अशी काही फेकायची की पहिल्याच खेपेला एक उताणा, एक पालथा. गिऱ्हाईक खूश, रांग पुढे. देवाचं तोंड असं आपल्या हाताने हलवलेलं सामगूला पटायचं नाही. "एक दिवस तो खरंच बोलेल," ती म्हणायची, "तेव्हा बघ तुझी कशी पाचावर धारण बसते ती."

तर त्या शुक्रवारी, नवरा तिसऱ्यांदा मरून पुन्हा जिवंत झाल्यावर, विन्सीने लिनपोला बाजूला घेतलं.

"आजी, त्या दुसऱ्या आजी खूप छान आहेत, पण..."

"पण तोंड बंद ठेवत नाहीत."

"तेच नुसतं नाही. माझ्या सिनेमातली बाई एकटी आहे. जगाने टाकलेली. आणि दर शॉटमध्ये त्यांचा गुडघा येतो."

"गुडघा मोठाच आहे तिचा."

"आता शेवटचं शूटिंग किडेजागीला. तोवर त्या जरा खांबापलीकडे बसल्या तर? मी विचारू त्यांना?"

किडेजाग म्हणजे मार्चच्या तोंडाला येणारा दिवस. आभाळ गडगडतं, मातीतले किडे जागे होतात, आणि किड्यांबरोबर दुष्टही जागे होतात म्हणून त्यांना त्याच दिवशी ठेचायचं असतं. पुलाखालची खरी दिवाळी तीच. त्या दिवशी खांबापलीकडे बसणं म्हणजे जत्रेत दुकान मांडून दाराला कुलूप लावणं.

लिनपोने इथे म्हणायला हवं होतं, विचार बाई, विचार, आणि काय उत्तर मिळतं ते दोन्ही कानांनी ऐक. पण तिच्या डोळ्यांपुढे पडदा होता आणि पडद्यावर ती एकटीच होती. "तू नको विचारूस," ती म्हणाली. "मी बघते."

बघितलं कसं? सामगू बाजारातल्या संडासाला गेलेली पाहून तिने आपल्या हाताने तिचं स्टूल उचललं, वीट उचलली, देवाची लाल पेटी उचलली आणि खांबाच्या मागे नेऊन ठेवली. मागे बाजाराची भिंत होती, हिरवट, ओली. वरच्या पाइपातून पाणी ठिबकत होतं. लिनपोने स्टूल ठिबकीपासून वीतभर बाजूला सरकवलं, आणि तेवढ्यावर आपण मैत्रिणीची केवढी काळजी घेतली असं स्वतःला समजावून परत आली.

सामगू हात पुसत आली. मोकळ्या जागेकडे तिने पाहिलं. मग लिनपोकडे. मग तिला खांबामागून लाल पेटीचा कोपरा दिसला. आता ही तोंड सोडणार म्हणून लिनपोने सात-आठ उत्तरं तयार ठेवली होती. प्रकाशाचं कारण, कॅमेऱ्याचं कारण, चारच दिवसांचा प्रश्न आहे. सामगू काही बोलली नाही. खांबामागे गेली आणि बसली.

सामगूने शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. ही बाई मठात मौनव्रताच्या दिवशीसुद्धा बोलायची.

त्या दुपारी सूप आलं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. लिनपोने कोपऱ्यावरच्या टपरीतून विकतचं सूप आणलं. भांडी विसळलेलं पाणी बरं. तिने ते नाल्यात ओतलं आणि कॅमेऱ्यासमोर दिवसपाळीच्या नवऱ्याची गोष्ट सांगितली. कुणी मध्ये बोललं नाही. गोष्ट सरळ शेवटापर्यंत गेली, आणि शेवट झाल्यावर लिनपोला कळेना की पुढे काय करायचं. इतकी वर्षं तिच्या गोष्टींना शेवट नव्हता. सामगू त्यात पाय घालायची आणि मग भांडण सुरू व्हायचं.

"अप्रतिम," विन्सी म्हणाली. "किती एकटेपणा आहे यात!"

"भूक आहे ती," लिनपो म्हणाली.

किडेजागीच्या आदल्या दिवशी विन्सीने पोस्टरं आणली. वहाण उगारलेली लिनपो, चेहऱ्यावर सुरकुत्यांचं जाळं, मागे काळोख. खाली मोठ्या अक्षरांत सिनेमाचं नाव होतं, 'एकटी'. क्वोकने एक पोस्टर खांबावरच चिकटवलं. त्याच खांबावर, ज्याच्या मागे सामगू बसली होती. लिनपोला ते बघून आधी छाती फुगल्यासारखं वाटलं आणि मग लगेच, काहीतरी चोरताना हात धरला गेल्यासारखं. तिने पोस्टराकडे पाठ करून स्टूल वळवलं.

किडेजागीला सकाळपासून रांग लागली ती ट्रामच्या थांब्यापर्यंत. वर्तमानपत्रात सिनेमाबद्दल छापून आलं होतं, त्यामुळे ज्याला त्याला 'ती सिनेमातली आजी'च हवी. लिनपोचा हात थांबत नव्हता. सासू, भाडेकरू, घरमालक, मेव्हणा, नवऱ्याची सेक्रेटरी, पुन्हा सासू. धूप डोळ्यांत जात होता. क्वोक कॅमेरा खांद्यावर घेऊन घामाघूम झाला होता, आणि विन्सी हळूच म्हणत होती, "छान, छान, फक्त वर बघू नका."

पण तिची लय लागत नव्हती. वहाण खाली आली की वर जायला उशीर व्हायचा. मध्ये दुसऱ्या वहाणेचा आवाज यायला हवा होता. खांबामागून फक्त पाण्याची ठिबक ऐकू येत होती. मागे कुणी दुकान मांडलंय हे रांगेतल्या कुणाला माहीतच नव्हतं.

"पुढचा," लिनपो मान खाली घालून म्हणाली.

विटेपुढे एक मोठा गुडघा येऊन टेकला.

लिनपोने वर पाहिलं. सामगू होती. अंगात ठेवणीतला निळा सदरा, केस पाणी लावून चापून बसवलेले. रांगेतल्या मागच्या बाईने सांगितलं, "बराच वेळ उभ्या होत्या बिचाऱ्या. आम्ही म्हटलं पुढे जा, तर नाही म्हणाल्या."

"काय गं?" लिनपोचा आवाज बारीक झाला.

"गिऱ्हाइकाला 'काय गं' म्हणतात होय?" सामगू म्हणाली. "दुष्ट मारायचाय."

"नाव?"

सामगूने सदऱ्याच्या आतून एक घडी काढली. खांबावरचं पोस्टर. कोपरे फाटले होते, मागे अजून खळ होती. तिने ते विटेवर पसरलं आणि हाताने सुरकुत्या सारख्या केल्या. पोस्टराच्या सुरकुत्या गेल्या, लिनपोच्या राहिल्या.

"नाव मला ठाऊक नाही," सामगू म्हणाली. "इथे लिहिलंय बघ. एकटी."

रांगेत कुजबुज सुरू झाली. विन्सीने क्वोकचं कोपर धरलं. "चालू ठेव," ती श्वास रोखून म्हणाली.

"दुसरीकडे जा," लिनपो दबक्या आवाजात म्हणाली. "त्या टोकाला आहेत की बसलेल्या."

"त्यांचा हात हलका. पुलाखाली तुझ्याइतका हात कुणाचा लागत नाही. आणि मी स्वतः मारू शकत नाही, नियम आहे. तुला माझा दुष्ट मारायला मात्र कसलीच आडकाठी नाही. राग माझा, हात तुझा. बरोबर ना?"

बरोबर होतं. नियमात कुठेच फट नव्हती. आलेल्या गिऱ्हाइकाला नाही म्हणायचं नाही, हाही नियमच होता, आणि तो लिनपोनेच कॅमेऱ्यापुढे छाती काढून सांगितला होता. तिने आपली वहाण उचलली.

"ती नको." सामगूने उजव्या पायातली चप्पल काढून तिच्या हातात दिली. "मोठा दुष्ट असला की गिऱ्हाइकाच्या पायातली."

लिनपोने सुरुवात केली. "मार दुष्टाचं डोकं, डोक्याचं होवो खोकं. मार दुष्टाचे पाय, दारी न येवो गाय..." तिने कामापुरतं मारलं. चप्पल कागदावर पडत होती, पण कागदाला त्याचं काही वाटत नव्हतं. स्वतःच्या नाकावर चप्पल आणताना तिचा हात आपोआप वळायचा. मग तिने अर्धचंद्र घेतले, मनगटाला सवयीचा झटका दिला आणि टाकले.

दोन्ही पालथे.

लिनपोने ते उचलून पाहिले, जणू कुणी बदलले असावेत. असं झालंच नव्हतं कधी.

"देव काय बहिरा आहे?" सामगू म्हणाली. "मारतेयस की पावडर लावतेयस तिला?"

रांगेत कुणीतरी फिसकन हसलं. लिनपोचं डोकं सणकलं. तिने दातओठ खाऊन दुसऱ्यांदा मारायला घेतलं. आता जोर होता, पण तो सामगूवरचा होता. "मार दुष्टाची जीभ, जी दुसऱ्याच्या गोष्टीत पडते..."

"ती माझी जीभ झाली," सामगू म्हणाली. "मी तुला मारायला सांगितलंय, मला नव्हे. बायकांनो, बघा हं, पुलाखाली भेसळ चालते."

लिनपोने कौल टाकला. दोन्ही उताणे पडले, आणि एक तर पाठीवर डुलत राहिला. देव पोट धरून हसत होता.

लिनपोची पाचावर धारण की काय म्हणतात ती बसली होती. देवाची तिला भीती वाटत होती असं नाही, त्याच्याशी तिचे जुने संबंध होते. पण सामगू समोर बसली होती, गिऱ्हाइकासारखी, परक्या बाईसारखी, आणि कौल मिळाला की ती उठून जाणार होती. मागे वळून न बघता. गिऱ्हाइकं तशीच जातात. कौल नाही मिळाला तर ती निदान इथे बसून राहील, असंही तिच्या मनात येऊन गेलं, आणि त्याची तिला लाज वाटली.

"मार," सामगू म्हणाली. आता तिचा आवाज चढलेला नव्हता. "लोक खोळंबलेत."

लिनपोने चप्पल उचलली आणि स्वतःच्या चेहऱ्यावर, बरोबर नाकावर, सणसणीत हाणली.

"मार या हाताला!" ती ओरडली. "स्टूल उचललं यानेच. संडासाला गेलेल्या बाईचं! तोंडावर विचारायची छाती नाही, आणि म्हणे वान चाय गाजवलं! मार या डोळ्यांना, त्यांना मोठा पडदा दिसला, हातभरावरचं माणूस दिसलं नाही. मार या तोंडाला. एकटी म्हणे! कुठली एकटी? तुरुंगातून सुटले तेव्हा दाराशी कोण उभं होतं, भाजलेलं बदक घेऊन? अर्धं वाटेत खाल्लं होतंस ते, पण उभी होतीस! ताप आला तेव्हा गच्चीपर्यंतचे जिने कोण चढलं, या असल्या गुडघ्यांनी? एकटी! मार हिला, मार, खोटारडी, हावरट, सूपचोर म्हातारी..."

यमकं केव्हाच सुटली होती. पोस्टराचा लगदा झाला होता. चपलेचा अंगठा तुटून उडाला आणि क्वोकच्या बुटावर पडला. क्वोकचा कॅमेरा लिनपोवर नव्हताच. कुणी न सांगता तो सामगूकडे वळला होता, आणि सामगू नाकाने मोठा आवाज करत सदऱ्याच्या बाहीने तोंड पुसत होती.

"सूप मी चोरलं नाही," लिनपो धापा टाकत म्हणाली. "ते असंच आलं ओघात."

"कौल टाक."

लिनपोने मनगटाला झटका दिला नाही. दोन्ही हातांनी अर्धचंद्र धरले आणि नुसते सोडून दिले. पहिला उताणा पडला. दुसरा घरंगळत सामगूच्या पायाशी गेला, भेलकांडला आणि तोही उताणा झाला.

पुन्हा हसणं.

रांग निःश्वास टाकून हळहळली. लिनपोच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि ते खरं होतं, म्हणून ती घाईघाईने धुपाला शिव्या देऊ लागली. तेवढ्यात सामगूने अनवाणी पाय पुढे केला आणि अंगठ्याने तो दुसरा अर्धचंद्र हळूच पालथा केला.

"झालं," ती म्हणाली. "हो म्हणाला."

"अगं!" लिनपो म्हणाली. "देवाला फसवतेस?"

"इतकी वर्षं तू हाताने फसवलंस, एकदा मी पायाने. आणि त्यालाही जेवायला घरी जायचं असेल की." ती गुडघ्यांवर हात टेकून कण्हत उठली. "पेटव ते."

लिनपोने लगदा पेटवला. ओला होता, धूर फार झाला. धुरातून तिने पाहिलं, सामगू चालायला लागली होती, एक पाय चपलेत, एक अनवाणी. मागे वळून बघितलं नाही. बघायचंच नसतं. रांगेच्या कडेने ती खांबामागे गेली आणि दिसेनाशी झाली.

"कट," विन्सी म्हणाली. ती स्वतःही डोळे पुसत होती. "आजी, काय सांगू! फक्त... त्या आजी पुन्हा एकदा येऊन बसतील का? चप्पल देतात तो भाग मला या बाजूने..."

"पोरी," लिनपो म्हणाली, "तुझं नाव मला ठाऊक आहे आणि माझ्याकडे वहाण आहे."

लिनपो खांबाकडे बघत राहिली. ठिबक ऐकू येत होती. पुढची बाई सवतीचा फोटो हातात घेऊन उभी होती, पण तिला बस म्हणायचं लिनपोला सुचेना. खांबामागून बाहेर पडायला पलीकडूनही वाट होती, सरळ ट्रामच्या थांब्यावर जाणारी.

खांब मात्र गोल होता. सामगू मागे न वळता सरळ चालत राहिली, खांबाला वळसा घालून, आणि दुसऱ्या बाजूने समोर आली. एका काखेत स्टूल, दुसऱ्या काखेत लाल पेटी, हातात वीट. तिने स्टूल हातभर अंतरावर धाडकन ठेवलं आणि बसली. गुडघा कॅमेऱ्याच्या बरोबर पुढ्यात आला.

"तुझी चप्पल दे इकडे," ती म्हणाली. "माझी तोडलीस." लिनपोने पायातली काढून दिली. सामगूने ती पायात घातली, घट्ट होते म्हणून कुरकुरली आणि रांगेकडे बघून ओरडली, "या, या, इकडेही बसा. हिच्याकडे दुष्ट मरत नाहीत, पोपट विकायला लागतात."

सवतवाली बाई सामगूपुढे बसली. पाठोपाठ कुणीतरी लिनपोपुढे बसलं. दोन वहाणा वर गेल्या. एक खाली आली, मग दुसरी.

"सामगू," थोड्या वेळाने लिनपो मान न वळवता म्हणाली. "सूप?"

"थर्मास तिकडे मागे राहिलाय. रोज आणत होते, रोज परत नेत होते. आता तू आण. मला मागे बघता येत नाही."

लिनपो एका अनवाणी पायाने लंगडत खांबामागे गेली. थर्मास ओल्या भिंतीला टेकून उभा होता. बाजूच्या फरशीवर स्टुलाच्या चार पायांचे ठसे होते, आणि ठिबकही सरकून बरोबर त्यांच्या मध्येच पडत होती. वीतभर सरकवून काही उपयोग झाला नव्हता. ती तिथे क्षणभर उभी राहिली. पाणी तिच्या मानेवर पडलं, थंडगार.

परत येऊन तिने झाकणात सूप ओतलं. वास तोच होता. सामगूने वहाण थांबवून हात पुढे केला. लिनपोने झाकण दिलं नाही. आधी स्वतः एक मोठा घोट घेतला, तोंड पोळलं, डोळ्यांत पाणी आलं.

"थांब जरा," ती म्हणाली. "गरम आहे."